यंत्रांची लय आणि प्रयोगशील चित्रपट : अध्यापनाच्या दृष्टीने

प्रयोगशील चित्रपटात कथा व निवेदन यांना गौण स्थान असते. दृश्यांची जोडणी आणि ध्वनी यांतूनच आशय उभा राहतो. यंत्राच्या गतीत मुळातच लय असल्याने असे चित्रपट यंत्रांकडे वारंवार वळलेले दिसतात.

फेर्नां लेजे व डडली मर्फी यांचा ‘बाले मेकानिक’ (१९२४) हे याचे आरंभीचे उदाहरण होय. त्यासाठी जॉर्ज अँथाइल यांनी स्वयंचलित पियानो, विजेच्या घंटा, भोंगा व विमानाचे पंखे यांचे संगीत रचले. मात्र संगीत चित्रपटापेक्षा बरेच लांबले आणि अनेक दशके दोन्ही स्वतंत्रपणेच सादर होत राहिले. यंत्राकडून ठरलेल्या क्रमाने संगीत वाजवून घेण्याची कल्पना मात्र फार जुनी आहे. ९ व्या शतकात बगदादच्या बनू मूसा बंधूंनी आपोआप वाजणाऱ्या वाद्याच्या रचनेवर ग्रंथ लिहिला होता.

झिगा व्हेर्तोव्ह यांनी ‘एन्थुझिअॅझम’ (१९३१) मध्ये वेगळी वाट धरली. डोनबासमधील कोळसा व पोलाद उद्योगाचे प्रत्यक्ष आवाज ध्वनिमुद्रित करून त्यांनी त्यांनाच संगीतासारखे वापरले. आपल्याकडे मुंबईच्या तत्कालीन फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’ (१९६८) हा लघुपट केला. त्यात वैज्ञानिक उपकरणे, नाचणारे तरुण व धार्मिक प्रतिमा वेगाने एकामागून एक येतात. निवेदनाचे काम विजय राघव राव यांचे संगीत करते.

डिचोलीच्या विद्यार्थ्यांना हा विषय परका नाही. लोहखनिजाचे ट्रक, वाहक पट्टे व बार्ज यांचा आवाज त्यांच्या घरांपर्यंत पोहोचलेला आहे. त्या आवाजासोबत धूळ येते. परंतु २०१२ व २०१८ मध्ये खाणी बंद पडल्या तेव्हा आवाजाबरोबर अनेक घरांचे उत्पन्नही थांबले. पेडण्यात मोपा विमानतळाच्या उभारणीने यंत्रे शेताबागांपर्यंत आली. अशा यंत्राच्या दृश्याला आकर्षक संगीत जोडले की यंत्र सुंदर दिसते, पण ते चालवणारा कामगार व शेजारचे गाव सहज दृष्टीआड होतात.

यासाठी वर्गात एक सोपा प्रयोग करता येईल. पिठाच्या गिरणीचे एक मिनिटाचे चित्रण मोबाईलवर करावे. ते प्रथम मूळ आवाजासह, नंतर निःशब्द आणि शेवटी संगीतासह दाखवावे. प्रत्येक वेळी काय ठळक झाले व कोण नाहीसे झाले, हे विद्यार्थ्यांनी लिहावे. ध्वनी हा सजावट नसून मत असते, हे त्यांना यातून स्वतःच उमगेल.