फ्रान्सच्या सकाळचा सूत्रधार

सकाळचा टीव्ही निवांत बसून कुणी पाहत नाही. कॉफी होत असते, मुलांना शाळेसाठी उठवायचं असतं, मेट्रो गाठायची असते; लक्ष असतं घड्याळाकडे आणि टीव्ही नुसता कानावर पडत असतो. अशा घाईतल्या प्रेक्षकाला वर्षानुवर्षं धरून ठेवणं हे फार मोठं कसब आहे. फ्रान्समध्ये ते साधलं विल्यम लेमेर्जी यांना.

बोर्दोजवळच्या लिबुर्न गावी १९४७ साली जन्मलेले लेमेर्जी सुरुवातीला मुलांच्या कार्यक्रमांतून टीव्हीवर दिसले. त्या काळी फ्रान्सची सकाळ रेडिओच्या मालकीची होती. अमेरिकेत एनबीसीचा ‘टुडे’ १९५२ पासून चालू होता आणि बीबीसीनेही जानेवारी १९८३ मध्ये सकाळचं प्रक्षेपण सुरू केलं होतं. फ्रान्समधल्या ‘आँतेन २’ या सार्वजनिक वाहिनीवर ७ जानेवारी १९८५ रोजी ‘तेलेमातँ’ सुरू झाला आणि सूत्रसंचालनाच्या खुर्चीत लेमेर्जी बसले. पुढे काही काळ ती खुर्ची दुसऱ्याकडे गेली. १९९० मध्ये ते परतले आणि २०१७ पर्यंत तिथेच राहिले. दरम्यान १९९२ मध्ये वाहिनीचं नाव ‘फ्रान्स २’ झालं, सरकारं बदलली, इंटरनेट आलं. सकाळी भेटणारा चेहरा तोच राहिला.

त्यामागे कार्यक्रमाची विचारपूर्वक केलेली बांधणी होती. ठरलेल्या वेळी बातम्या, मग हवामान, ‘ले कात्र वेरिते’ ही राजकीय मुलाखत आणि मधल्या वेळात आरोग्य, ग्राहकांचे हक्क, पुस्तकं, सिनेमा, स्वयंपाक अशी काही मिनिटांची सदरं. साडेसहाला टीव्ही लावणारा साडेसातला घराबाहेर पडलेला असतो, तेव्हा कुठे दुसरा डोळे चोळत उठतो. त्यामुळे तीच बातमी पुन्हा सांगावी लागते आणि पुन्हा सांगतानाही ती ताजी वाटावी लागते. शिवाय सदर सांगणाऱ्या पत्रकाराला हसतखेळत बोलतं करायचं आणि त्याचं बोलणं वेळेत आवरायचंही. मिनिटभर उशीर झाला तरी पुढच्या बातम्या लांबतात आणि त्यावर बेतलेली घराघरांतली वेळापत्रकं कोलमडतात.

लेमेर्जी सूत्रसंचालक होते, तसेच निर्मातेही होते. पडद्यावर सूत्रं हलवणारा माणूस पडद्यामागेही निर्णय घेत होता. कार्यक्रमाला एकच सूर लाभला तो यामुळेच. मात्र इतकी वर्षं एकाच हाती एकवटलेल्या अधिकाराचा भार सहकाऱ्यांवरही पडतो. २००७ मध्ये एका सहकाऱ्याशी झालेल्या वादानंतर वाहिनीने त्यांना काही दिवस निलंबित केलं होतं. त्यांच्या कारकिर्दीचा गौरव करताना ही बाजू झाकून ठेवणं योग्य नाही.

२०१७ मध्ये, वयाच्या सत्तरीत, त्यांनी ‘फ्रान्स २’ सोडली आणि ‘सी८’ या खासगी वाहिनीवर ‘विल्यम आ मिदी’ हा दुपारचा कार्यक्रम सुरू केला. ‘तेलेमातँ’ची धुरा आधी लोराँ बिन्योला यांच्याकडे आणि २०२१ मध्ये तोमा सोतो व ज्युलिया विन्याली यांच्याकडे गेली. ‘सी८’ फेब्रुवारी २०२५ मध्ये बंद झाली. ‘तेलेमातँ’ने त्याच वर्षी चाळीस वर्षं पूर्ण केली.

सूत्रसंचालकाची लोकप्रियता त्याच्यासोबत निघून जाते. निर्मात्याची खरी कसोटी तो गेल्यावर लागते: त्याने घालून दिलेली घडी दुसऱ्यांच्या हाती टिकते का? लेमेर्जींनी ज्याला आकार दिला, तो कार्यक्रम त्यांच्याशिवायही फ्रान्सच्या सकाळी चालूच राहिला. माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतली हीच सर्वांत मोठी कमाई आहे.