रस्त्यावर मिटवू नका, भरपाई हक्कानं मागा



बाजार करून तुम्ही मोटारसायकलवरून घरी निघालात. मागनं जीप आली, धडक बसली. चार माणसं जमली. जीपवाल्यानं दोन-तीन हजार पुढं केले आणि म्हणाला, "मुका मार आहे, इथंच मिटवू." शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, असं म्हणून तुम्हीही घरी आलात. पंधरा दिवसांनी बघता तर गुडघा वाकत नाही, पेरणी तोंडावर आलेली, आणि हातात ना कागद, ना गाडीचा नंबर. आता भरपाई मागणार कोणाकडं?

ही भरपाई म्हणजे कोणाची मेहेरबानी नव्हे. दुसऱ्याला होणाऱ्या इजेसाठी प्रत्येक गाडीचा विमा असलाच पाहिजे, असं मोटार वाहन कायदा, १९८८ सांगतो. पण हक्क शाबीत होतो तो कागदावर.

पहिली कामं

१. गाडीचा नंबर लिहून घ्या. पाहणाऱ्या दोघांची नावं घ्या.

२. १०८ ला फोन करून दवाखाना गाठा. डॉक्टरांना "गाडीनं उडवलं" असं स्पष्ट सांगा. केसपेपरवर "पडून लागलं" असं आलं, की पुढं तेच नडतं. २०२५ पासून केंद्राच्या योजनेत, ठरवून दिलेल्या दवाखान्यांत सात दिवसांपर्यंत दीड लाखापर्यंतचे उपचार पैसे न भरता मिळतात. तशी विचारणा करा.

३. पोलिसांत फिर्याद द्या. फिर्याद आणि जागेचा पंचनामा यांच्या नकला मागून घ्या.

दावा कुठं आणि कधी?

जिल्ह्याच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडं अर्ज करायचा. अपघात परजिल्ह्यात झाला, तरी तुम्ही राहता तिथं दावा लावता येतो. अपघातापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज गेलाच पाहिजे, असं धरून चाला. वकिलाची ऐपत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीत मोफत वकिलाची चौकशी करा.

किती मिळतं?

दोन वाटा आहेत. चूक कोणाची हे शाबीत न करता गंभीर दुखापतीला अडीच लाख आणि मृत्यूला पाच लाख ठरलेले आहेत. हाड मोडलं तरी ती गंभीर दुखापत धरतात. दुसऱ्या वाटेनं समोरच्याची चूक दाखवावी लागते, पण खर्च, बुडालेली कमाई, कायमचं अपंगत्व हे सगळं मोजलं जातं. ठरलेली रक्कम स्वीकारली, की दुसरा दावा संपतो. म्हणून वकिलाला विचारल्याबिगर सही-अंगठा करू नका.

शेतकऱ्याला पगारपत्रक नसतं. मग सातबारा, बाजार समितीच्या पट्ट्या, दूध डेअरीची बिलं, कारखान्याची ऊसबिलं जपून ठेवा. पाय अधू झाला, तर बसून काम करणाऱ्यापेक्षा नांगर धरणाऱ्याचं नुकसान जास्त, हे न्यायालयही मानतं. मात्र ते तुम्हीच सांगायला हवं.

गाडी पळून गेली तर?

तरीही फिर्याद द्याच. गाडीचा पत्ता लागला नाही, तर गंभीर दुखापतीला ५० हजार आणि मृत्यूला दोन लाख मिळतात. अपघात ज्या तालुक्यात झाला, तिथल्या तहसीलदार किंवा प्रांत कचेरीत अर्ज करा.

आपल्या ट्रॅक्टरचं काय?

आता उलटं बघा. तुमच्याच ट्रॅक्टर-ट्रॉलीनं कोणाला लागलं आणि विमा संपलेला असला, तर भरपाई तुमच्या अंगावर येते. ती जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होऊ शकते. ट्रॉलीत वऱ्हाड बसवलं, तर विमा कंपनी हात वर करू शकते. तेव्हा आजच विम्याचा कागद काढा आणि तारीख बघा. ट्रॉलीचा विमा वेगळा आहे का, तेही तपासा.

हे पत्रक वाचून झालं, की शेजाऱ्याला द्या. अडाणी माणसाला वाचून दाखवा.