बंदूक आधी राणीच्या हातात

मद्रासच्या तिरुवल्लिकेणीतली 'मॅन्शनं' म्हणजे एकट्या पुरुषांची वस्ती. एकेका खोलीत दोन-तीन खाटा, भिंतीला खुंट्या, दोरीवर वाळणाऱ्या वेष्ट्या. संध्याकाळी करमणूक म्हणजे सिनेमा. माउंट रोडची थिएटरं चालत गाठता येत. हायरोडवरचं स्टार टॉकीज तर घरचंच होतं, आता ते उरलेलं नाही. नटी विजयललिताचा जमाना याच प्रेक्षकाचा.

१९६६ साली सेलमच्या मॉडर्न थिएटर्सनं 'वल्लवन ओरुवन' काढला. तो बँकॉकमध्ये घडणाऱ्या एका फ्रेंच-इटालियन हेरपटावर बेतलेला होता. पिस्तूल अर्थातच नायक जयशंकरकडे. विजयललिताच्या वाट्याला आलं एल. आर. ईश्वरीच्या आवाजातलं मादक गाणं. तिच्यासारख्या नट्यांना तेव्हा यापलीकडे फारसं मिळत नसे.

१९७० साली दिग्दर्शक के. एस. आर. दास यांनी तिला तेलुगूत 'राउडी राणी' केलं. बापाच्या खुनाचा सूड घेणारी मुलगी, कमरेला पिस्तूल, आणि तिला वाचवायला कुणी नायक येईल म्हणून वाट बघणं नाही. पुढच्याच वर्षी याच दासांनी नायक कृष्णाला घेऊन 'मोसगाळ्ळकु मोसगाडू' केला. त्यावर लिओनेच्या इटालियन वेस्टर्नची दाट छाया आहे. आपल्याकडचा पहिला काउबॉयपट म्हणून नाव होतं ते याचंच. मला हा मान जरा अन्यायाचा वाटतो: बंदूक आधी राणीनं चालवली होती.

तशी तिच्याही आधीची परंपरा होतीच. मुंबईत 'हंटरवाली' नादिया १९३५ पासून घोडे फेकत होती. ते यश पाहून मुंबईतच के. अमरनाथ यांनी १९३७ साली 'मिन्नलकोडी' हा तमिळ बोलपट केला आणि के. टी. रुक्मिणीला दरोडेखोर केलं. म्हणजे मद्रासला लढवय्यी नायिका मिळाली ती मुंबईहून!

लिओनेच्या इटलीत थरारपटांतून बार्बरा स्टील किंवा एडविज फेनेक या नट्यांची नावं मोठी झाली, पण तिथल्या रहस्यपटांत बाईच्या मागे सहसा खुनी लागलेला असतो. इथे बाईच खुन्यांच्या मागे लागली. ही अदलाबदल सगळी स्त्रीमुक्तीसाठी होती, असं म्हणायचं धाडस मी करणार नाही. तंग विजार आणि नाचगाणं तिकीटबारीसाठीच होतं. तरी शेवटची गोळी तिचीच असे.

१९७२ साली दासांनीच 'रानी मेरा नाम' हिंदीत आणला, पण हिंदीत विजयललिताचं बस्तान बसलं नाही.

तिची भाची विजयशांती. १९९० च्या 'कर्तव्यम'मध्ये तिनं पोलीस अधिकारी रंगवली आणि अभिनयाचा राष्ट्रीय पुरस्कार पटकावला. मावशीच्या राणीकडे पिस्तूल होतं, वर्दी मात्र नव्हती. तिच्या मारामारीला अभिनय म्हणायला तेव्हा कोण तयार होतं?