पाय मोजा, मग पंप उचला
कोळी, कीटक आणि त्यांच्या भाऊबंदांची शास्त्रीय ओळख



ऊन तापू लागले की कार्यक्रमाकडे येणाऱ्या पत्रांत एक तक्रार हमखास असते. 'वांग्यावर लाल कोळी आलाय. दुकानातून आणलेले कीटकनाशक दोनदा मारले. कोळी कमी व्हायचा सोडून वाढलाच. औषध बनावट तर नसेल?' पावसाळ्यात भात पोटरीवर आला की दुसऱ्या धर्तीचे पत्र येते. 'भातात आणि बांधावर कोळ्यांची जाळी फार झाली आहेत. कोणते औषध मारावे?'

दोन्ही पत्रांत शब्द एकच, 'कोळी'. पण प्राणी दोन आहेत. पहिला पिकाचा रस शोषणारा शत्रू, दुसरा पिकाचा फुकटचा राखणदार. पहिल्याला चुकीचे औषध मिळते आणि दुसऱ्याला विनाकारण मारले जाते. म्हणजे एकीकडे आग रामेश्वरी बंब सोमेश्वरी आणि दुसरीकडे चोर सोडून संन्याशाला फाशी. दोन्ही घोटाळे टळायचे असतील तर या प्राण्यांची शास्त्रीय ओळख करून घ्यावी लागेल. ती वाटते तेवढी अवघड नाही. दहापर्यंत मोजता आले की निम्मे काम झाले.

प्राण्यांचाही पत्ता असतो

आपल्या जमिनीचा पत्ता आपण जिल्हा, तालुका, गाव, गट नंबर असा सांगतो. मोठ्या विभागातून लहान विभागात उतरत जातो. शास्त्रज्ञ प्राण्यांचा पत्ता याच पद्धतीने लिहितात. त्यांचे टप्पे असे: सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, वंश आणि जाती. शेवटची दोन नावे, वंश आणि जाती, मिळून प्राण्याचे शास्त्रीय नाव होते. गावोगावची नावे बदलतात, हे नाव सगळ्या जगात एकच राहते.

ही पद्धत स्वीडनमधल्या लिनियस या शास्त्रज्ञाने रूढ केली. त्याच्या ग्रंथाची १७५८ सालची दहावी आवृत्ती प्राण्यांच्या नावांचा आरंभ मानली जाते. अपवाद फक्त कोळ्यांचा. क्लेर्क नावाच्या दुसऱ्या स्वीडिश अभ्यासकाने १७५७ सालीच कोळ्यांवर पुस्तक काढले होते, त्यातली नावे आजही ग्राह्य धरतात.

गंमत अशी की खुद्द लिनियसने कोळी, विंचू, खेकडा या सगळ्यांना कीटकांच्याच दावणीला बांधले होते. लामार्क या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८०१ च्या ग्रंथात कोळ्यांचा वर्ग कीटकांपासून वेगळा मांडला. तेव्हा आपल्याकडे कोणी कोळ्याला कीटक म्हणाला तर त्याला हसू नका. पण औषधाच्या दुकानात जाताना मात्र १८०१ च्या अलीकडे या!

एका संघाची चार घराणी

कोळी, कीटक, खेकडा आणि गोम हे सगळे 'संधिपाद' संघातले. संधी म्हणजे सांधा, पाद म्हणजे पाय. सांध्यासांध्यांचे पाय ही त्यांची पहिली खूण. दुसरी खूण अशी की यांच्या शरीरात हाडे नसतात, अंगावर कायटिनचे कवच असते. कवच वाढत नाही, म्हणून वाढताना यांना कात टाकावी लागते. जगात माहीत असलेल्या प्राणिजातींपैकी तीन-चतुर्थांशाहून अधिक जाती या एकाच संघात येतात.

शेतकऱ्याने यातली चार घराणी ओळखावीत.

१. षट्पाद म्हणजे कीटक. पाय सहा. शरीराचे भाग तीन: डोके, छाती, पोट. मिशांची एक जोडी. बहुतेकांना पंख. मावा, तुडतुडे, फुलकिडे, भुंगेरे, पतंग, मधमाशी हे सारे यात आले.

२. अष्टपाद. पाय आठ. मिशा नाहीत, पंख कधीच नाहीत. जाळी विणणारा कोळी, विंचू, गुराच्या अंगावरची गोचीड आणि पिकावरचा लाल कोळी हे एकाच वर्गातले.

३. कवचधारी. खेकडा, कोळंबी. मिशांच्या दोन जोड्या. खेकड्याचे नांग्या धरून पाय दहा. भाताचे बांध पोखरणारा खेकडा कोकणातल्या शेतकऱ्याला सांगायला नकोच.

४. बहुपाद. गोम आणि वाणी, म्हणजेच पैसा. गोमेच्या शरीराच्या प्रत्येक वळ्याला पायांची एक जोडी, वाणीच्या बहुतेक वळ्यांना दोन जोड्या.

अलीकडच्या संशोधनातून असे दिसून आले आहे की कीटकांचे जवळचे नाते कोळ्यांशी नसून कवचधाऱ्यांशी आहे. मावा हा कोळ्यापेक्षा कोळंबीला जवळचा! म्हणूनच कीटकनाशकाचे पाणी ओढ्यात गेले तर खेकडे-कोळंबीही मरतात. पंप ओढ्यात, विहिरीजवळ धुऊ नका असे आम्ही वारंवार सांगतो त्यामागे हेही कारण आहे.

एक कोळी आणि दुसरा कोळी

आता मूळ घोटाळ्याकडे वळू. दोन्ही कोळ्यांचा पत्ता वर्गापर्यंत एकच आहे, पुढे वाटा फुटतात.

जाळीवाल्या कोळ्यांचा गण 'अरेनी'. त्यांच्या शरीराचे दोन भाग स्पष्ट दिसतात आणि मध्ये बारीक कंबर असते. पोटाच्या टोकाला रेशीम काढण्याचे अवयव असतात. हे शिकारी प्राणी आहेत, आपल्या पिकाचे पान ते खात नाहीत. जगभरात नोंद झालेल्या कोळ्यांच्या जातींची संख्या २०२२ साली ५० हजारांवर गेली.

लाल कोळी मात्र माइट गटातला. त्याचे सारे शरीर एकसंध, कंबर नाही. आकार टाचणीच्या टोकाहूनही लहान. तो पानाच्या मागच्या बाजूने रस शोषतो. पानावर आधी पांढुरके ठिपके दिसतात, मग पान तांबूस होऊन वाळते. हाही बारीक धागे काढतो आणि पान जाळीने झाकतो. दोघांना एक नाव पडले यात नवल नाही. त्याच्या एका सर्वत्र आढळणाऱ्या जातीचे शास्त्रीय नाव टेट्रानिकस अर्टिसी. भेंडी, वांगी, टोमॅटो, गुलाब अशा कितीतरी पिकांवर ती येते. कोरडी, उष्ण हवा तिला मानवते.

घरच्या घरी परीक्षा करायची असेल तर पांढऱ्या कागदावर पान झटका. हलणारे ठिपके दिसले की भिंगाखाली धरा. आठ पाय, पंख नाहीत, कंबर नाही, तर तो लाल कोळी.

मोजताना फसू नका

पाय मोजण्याच्या नियमाला काही पोटनियम आहेत, तेही ध्यानात ठेवा.

अळीला पुष्कळ पाय दिसतात, पण खरे सांध्याचे पाय छातीला असतात, तेही सहाच. मागचे मांसल पाय केवळ आधारासाठी असतात. म्हणून बोंडअळी ही कीटकच. हुमणीलाही सहा पाय. माशीच्या अळीला तर पायच नसतात, पण मोठी झाली की माशीला सहा पाय येतात.

उलट, गोचीड आणि लाल कोळी अंड्यातून बाहेर पडतात तेव्हा त्यांना सहाच पाय असतात. पहिली कात टाकल्यावर आठ होतात. नारळावरच्या इरिओफाइड कोळ्याला तर जन्मभर चारच पाय. तुरीचा वांझ रोग पसरवणारा कोळीही याच चार पायांच्या कुलातला. तो नुसत्या डोळ्यांना दिसत नाही, म्हणून तिथे झाडाच्या लक्षणांवरून ओळख पटवावी लागते.

पत्ता चुकला की औषध चुकते

हे सगळे कशासाठी? तर औषध पत्त्यावर चालते म्हणून. मावा-तुडतुड्यांसाठी वापरतो ते इमिडाक्लोप्रिड लाल कोळ्याला लागू पडत नाही. सायपरमेथ्रीनसारखी सिंथेटिक पायरेथ्रॉइड औषधे वरचेवर मारली तर लाल कोळी वाढतो, कारण त्याला खाणारे मित्रकीटक आणि शिकारी कोळी आधी मरतात. तेव्हा पहिल्या पत्रातले औषध बनावट असेलच असे नाही, पत्ता चुकलेला असू शकतो.

लाल कोळ्यासाठी कोळीनाशक गटातले औषध लागते. पाण्यात मिसळणारे गंधक, प्रोपरगाईट, स्पायरोमेसिफेन ही त्यातली काही नावे. डब्यावरील लेबलात आपल्या पिकाचे व किडीचे नाव आहे ना, ते आधी वाचा. मात्रा व काढणीपूर्वी सोडायचे दिवस लेबलाप्रमाणेच पाळा. गंधक कडक उन्हात मारू नका, वेलवर्गीय पिकांची पाने त्याने करपू शकतात. जुन्या पुस्तकांत डायकोफॉलची शिफारस आढळेल, पण त्यावर २०२३ च्या आदेशाने देशात बंदी आली आहे, ते वापरू नये.

मिरचीचे उदाहरण घ्या. पाने आकसली की आपण सरसकट 'बोकड्या' किंवा 'चुरडा-मुरडा' म्हणतो. पण पानाच्या कडा वर वळून पान होडीसारखे झाले असेल तर बहुधा फुलकिडे, म्हणजे कीटक. कडा खाली वळून होडी पालथी घातल्यासारखी दिसली तर बहुधा कोळी. पांढऱ्या माशीमुळे पसरणाऱ्या विषाणूनेही पाने आकसतात, त्या रोगट झाडाला औषध मारून ते बरे होत नाही. गावात नाव एक, कारणे तीन आणि उपाय तीन.

बीटी कापसाचेही असेच. आपल्या देशात त्याला २००२ साली परवानगी मिळाली. त्यातले विष पतंगांच्या गणातल्या अळ्यांसाठी आहे. तुडतुडे, पांढरी माशी दुसऱ्या गणातले आणि लाल कोळी तर दुसऱ्याच वर्गातला. त्यांना बीटीने काही होत नाही. गुलाबी बोंडअळीही आता त्याला दाद देईनाशी झाली आहे, पण तो वेगळा विषय.

वाणी आणि गोगलगायीलाही हाच न्याय. उगवत्या सोयाबीन-कपाशीची रोपे कुरतडणारी वाणी बहुपाद. शेतात संध्याकाळी गवताचे छोटे ढीग ठेवा, सकाळी त्याखाली जमलेल्या वाणी गोळा करून साबणाच्या पाण्यात टाका. २०२२ च्या खरिपात लातूर, बीडकडे सोयाबीनचा फडशा पाडणारी शंखी गोगलगाय तर संधिपादच नाही, ती मृदुकाय संघातली. नेहमीच्या कीटकनाशकाने ती आटोक्यात येत नाही.

चुकीच्या फवारणीत नुसता पैसा जात नाही. २०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. प्रत्येक फवारणी अंगावर थोडा धोका घेऊनच होते. मग जी कीड त्या औषधाने मरणारच नाही, तिच्यासाठी तो धोका का पत्करायचा?

राखणदाराला ओळखा

दुसऱ्या पत्राचे उत्तर सरळ आहे: काही मारू नका! भातातला लांडगा कोळी जाळे विणत नाही, बुंध्याशी पळून शिकार धरतो. तपकिरी तुडतुडे हे त्याचे आवडते खाद्य, दिवसाला पाच ते पंधरा भक्ष्ये तो सहज फस्त करतो. मादी अंड्यांची पिशवी मागे बांधून फिरते आणि पिले पाठीवर वागवते. अशी मादी दिसली तर समजा, शेतात पुढची पाळी तयार होते आहे. खेकड्यासारखा तिरका चालणारा कोळी फुलावर दबा धरतो, उडी मारणारा कोळी पानोपानी फिरतो, तर गोल जाळेवाला उडते कीटक पकडतो.

आपल्या देशातल्या या कोळ्यांचा पत्ता लावण्याचे काम मोठे आहे. पोकॉक यांनी १९०० साली भारतातल्या अष्टपादांवर ग्रंथ लिहिला. पुढे भारतीय प्राणी सर्वेक्षण संस्थेतील डॉ. टिकादर यांच्या १९८० च्या खंडात खेकडा-कोळी व लांडगा-कोळी यांची कुले वर्णिली गेली. म्हणजे आपल्या पिकातले हे मित्र पुस्तकात नावानिशी हजर आहेत.

लक्षात ठेवा

• फवारणीआधी पाच-दहा झाडांची पाने उलटून पाहा. भिंग जवळ ठेवा.
• सहा पाय: कीटक. आठ पाय आणि कंबर: राखणदार कोळी. आठ पाय, कंबर नाही, ठिपक्याएवढा: लाल कोळी.
• कीटकासाठी कीटकनाशक, लाल कोळ्यासाठी कोळीनाशक. दोन्ही एकमेकांच्या जागी वापरू नका.
• भाताच्या बांधावर पेंढ्याच्या जुड्या ठेवा, शिकारी कोळ्यांना आसरा मिळतो.
• फवारताना तोंडाला फडके, हातमोजे, अंगभर कपडे हवेतच. वाऱ्याच्या विरुद्ध दिशेने फवारू नका.
• गोचिडीला हात लावून चिरडू नका. सिंधुदुर्ग व गोव्याच्या जंगलपट्ट्यात माकडताप गोचिडीमुळेच पसरतो.

ओळख पटली नाही तर कीड पानासकट झाकणाच्या पारदर्शक डबीत घाला आणि जवळच्या कृषी विज्ञान केंद्रात किंवा कृषी विभागाच्या कार्यालयात दाखवा. डबीवर पीक, गाव आणि तारीख लिहायला विसरू नका. एक दिवस उशीर झाला तरी चालेल, पण चुकीची बाटली शेतात नेऊ नका.