नोतोच्या चौकातली शाई

मे १९६०. कान महोत्सवात मिकेलँजेलो अँतोनिओनीच्या ‘लाव्हेंतुरा’ची प्रेक्षकांनी भर थिएटरात हुर्यो उडवली. नायिका मोनिका व्हित्ती आणि दिग्दर्शक, दोघांनीही काढता पाय घेतला. दुसऱ्याच दिवशी रोसेलिनीसह अनेक चित्रपटकर्मींनी सह्यांचं पत्रक काढून पाठिंबा दिला, शेवटी ज्युरीचं पारितोषिकही मिळालं. १९६२मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश चित्रपट-नियतकालिकाच्या कौलात समीक्षकांनी त्याला सार्वकालिक श्रेष्ठ चित्रपटांत दुसरं स्थान दिलं. तरी विशीतला प्रेक्षक आजही तो पाहताना जांभया देतो. त्याला दोष कसा द्यायचा? सिसिलीजवळच्या एका खडकाळ बेटावर ॲना नाहीशी होते, तिचा प्रियकर सांद्रो आणि मैत्रीण क्लॉदिया तिला शोधत हिंडतात, हिंडता हिंडता एकमेकांत गुंततात, आणि ॲनाचं काय झालं ते चित्रपट शेवटपर्यंत सांगत नाही. रहस्यपट म्हणून बघायला बसलं तर ही शुद्ध फसवणूक आहे.

चाळिशीनंतर मात्र नजर ॲनावरून हटून सांद्रोवर जाते. हा मूळचा वास्तुरचनाकार. पण स्वतःच्या कल्पना बाजूला ठेवून दुसऱ्यांच्या बांधकामांच्या खर्चाचे अंदाज काढून देतो. पैसा बक्कळ. सिसिलीतल्या नोतो गावात जुन्या इमारती बघताना तो क्लॉदियाजवळ हे बोलतो, जरा हळहळतोही. मग चौकात एक तरुण इमारतीच्या नक्षीचं चित्र काढताना दिसतो. कागदाशेजारी शाईची बाटली. सांद्रो हातातली साखळी सहज झुलवल्यासारखी करत ती बाटलीपर्यंत नेतो, आणि शाई चित्रावर सांडते. तरुण अंगावर धावून येतो, तर हा त्याचं वय विचारतो! विशीत हा प्रसंग भरतीचा वाटतो. स्वतःची एखादी हौस नोकरीच्या हप्त्यांत मुरली की त्यातला मत्सर ओळखू येतो. मुद्दाम केलं की चुकून, हे अँतोनिओनी उघड करत नाही. माझ्या मते मुद्दामच.

क्लॉदियाचं दुखणं वेगळं. ॲना मेली असेल या कल्पनेने आधी हादरलेली ती पुढे कबूल करते, की आता ॲना जिवंत असेल याचीच भीती वाटते. इतक्या थोड्या दिवसांत! ॲनाच्या बेपत्ता होण्यापेक्षा हे विसरणं जास्त भयंकर आहे. त्यानंतर सांद्रो तिलाही फसवतो, रडतो, आणि ती त्याच्या डोक्यावर हात ठेवते. अनेकजण याला क्षमा म्हणतात. मला ती कीव वाटते, आणि त्यात थोडी तिची स्वतःचीही.