पथविक्रेत्यांचा हक्क, मेहेरबानी नव्हे!

जामसंडेत रस्त्याकडेला पाटी घेऊन बसलेल्या मासळीवालीला कोणी ‘ऊठ’ म्हणाले, तर आम्ही विचारू : कोणत्या कायद्याने? बाबासाहेबांच्या संविधानातील कलम १९(१)(छ) व्यवसायाचे स्वातंत्र्य देते. वाजवी निर्बंध पाळून रस्त्यावरील विक्रीलाही ते लागू आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली सोदान सिंग खटल्यात ठरविले.

२०१४ च्या पथविक्रेता कायद्याप्रमाणे सर्वेक्षण होऊन विक्री प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणाही विक्रेत्याला उठविता येत नाही. पुढेही हलवायचे तर तीस दिवसांची नोटीस हवी. माल जप्त केला तर यादी द्यावीच लागते. मासळीसारखा नाशवंत माल शुल्क भरून मागितला की त्याच दिवशी परत करावा लागतो.

नगर पथविक्रेता समितीत किमान ४० टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडलेले, त्यांत एक तृतीयांश स्त्रिया असतात. अनुसूचित जातींनाही योग्य प्रतिनिधित्व आहे. तिथे आपली माणसे नसतील, तर आपल्या बसण्याच्या जागा दुसरेच ठरवतील!

म्हणून कार्यकर्त्यांनो, विक्रेत्यांना सोबत घेऊन देवगड-जामसंडे नगरपंचायतीत लेखी अर्ज द्या, पोच घ्या. तोंडी आश्वासनावर कोर्टात लढता येत नाही. जय भीम!