मैद्याशिवाय शेंगदाणा-चॉकोचिप कुकीज

नगरकरांनो, पीनट बटरची महागडी बरणी कशाला? आपल्या राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने ‘फुले प्रगती’, ‘फुले उन्नती’ असे भुईमुगाचे वाण दिलेत. दाणे घरातच आहेत!

🥜 दाणे मंद आचेवर भाजा, सालं पाखडा. मिक्सरमध्ये थांबत थांबत फिरवा. आधी कूट होईल, मग तेल सुटून गुळगुळीत बटर.

🍪 १ कप हे शेंगदाणा बटर, पाऊण कप साखर, १ अंडं, अर्धा छोटा चमचा खाण्याचा सोडा, चिमूटभर मीठ, अर्धा कप चॉकोचिप्स एकत्र करा. मैदा लागत नाही, अंडंच मिश्रण धरून ठेवतं.

🔥 गोळे चपटे करून तापलेल्या ओव्हनमध्ये १८० अंशांवर १०-१२ मिनिटं. काढल्यावर मऊच असतात; ट्रेमध्येच गार होऊ द्या, मग उचला.

दाण्यांची ॲलर्जी असणाऱ्यांना मात्र देऊ नका.